अभिनेत्री व्हायला निघाल्या, चित्रपटकार झाल्या : रीमा दास



स्नेहसंमेलनात तुमच्यापैकी बरेच जण हौसेने नाटकात काम करतात. मोठेपणी नट किंवा नटी व्हायचे, असेही काही जण म्हणतात. त्यांनी रीमा दास यांची वाटचाल जरूर अभ्यासावी, म्हणून ती येथे देत आहोत.

आसाममधील छायगावजवळच्या कलरदिया गावात त्या वाढल्या. पुणे विद्यापीठातून त्यांनी समाजशास्त्राची पदव्युत्तर पदवी घेतली. २००३ साली अभिनेत्री होण्यासाठी त्या मुंबईस आल्या. प्रेमचंदांच्या ‘गोदान’वरील नाटकात त्यांना काम मिळाले. पुढे मात्र कामे मिळेनात. हिंदी सफाईने बोलता येत नसे, ही मोठी अडचण होती. या काळात त्यांनी देशोदेशीचे चित्रपट पाहिले आणि आपणच चित्रपट करावा, असे त्यांना वाटू लागले. चित्रपटाचे शिक्षण त्यांनी कोणत्याही संस्थेत घेतले नव्हते. २००९ साली ‘प्रथा’ हा लघुपट केला आणि करता करताच त्या शिकल्या.

‘व्हिलेज रॉकस्टार्स’ (२०१७) हा चित्रपट त्यांनी आपल्याच गावात, गावातल्याच मुलांना घेऊन, काही वर्षे थोडा थोडा चित्रित केला. धुनू नावाच्या मुलीला गिटार हवी असते. घरात गरिबी, त्यात दरवर्षीचा पूर. एवढीच गोष्ट. लेखन, दिग्दर्शन, निर्मिती, छायाचित्रण आणि संकलन या साऱ्या बाजू रीमाताईंनी स्वतः सांभाळल्या. २०१८ साली या चित्रपटास सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. असमिया चित्रपटास हा मान सुमारे तीस वर्षांनी मिळत होता. संकलनाचा पुरस्कारही त्यांनाच मिळाला, आणि धुनू झालेली भनिता दास उत्कृष्ट बालकलाकार ठरली. त्याच वर्षी भारतातर्फे ऑस्करसाठी हाच चित्रपट पाठविला गेला.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. मुंबईत भाषा आड आली. गावी परतल्यावर भाषाच कामी आली. तिथली बोली, पाऊस, शेत, आईचे रागावणे हे सारे त्यांना आतून ठाऊक होते. बाहेरच्या माणसाला ते उसने आणता आले नसते.

पालकांना आमची विनंती आहे. “मराठी शिकून मुलांना काय मिळणार?” असे प्रवेशाच्या वेळी आम्हाला दरवर्षी विचारले जाते. आमचे स्वतःचे शिक्षण हिंदी माध्यमात झाले. हिंदीनेच आम्हास पदवी व नोकरी दिली. तेव्हा हिंदी, इंग्रजी उत्तम यायलाच हवी. पण त्यासाठी घरातली मराठी सोडू नये. मुलाला सांगण्यासारखे जे काही पुढे सुचेल, ते बहुधा घरच्याच भाषेतून सुचेल. आणि घाईही करू नये. रीमाताईंना मुंबईत येण्यापासून या चित्रपटापर्यंत चौदा वर्षे लागली.

स्वाध्याय
१. रीमा दास यांना मुंबईत कोणती अडचण आली?
२. ‘व्हिलेज रॉकस्टार्स’साठी त्यांनी कोणकोणती कामे स्वतः केली?
३. आजी-आजोबांकडून आपल्या घराण्याची एक खरी हकीकत ऐका आणि ती घरी बोलता तशाच मराठीत दहा ओळींत लिहून आणा.