माणूस हयात आहे तोवर

चि. ओंकार,

क्रीडा माहितीपट करायचे आणि खेळाडूंवर पुस्तकंही लिहायची, असं तू ठरवल्याचं ताईने कळवलं. मग आधी ऑलिंपिकवर चित्रपट करणारे दिग्दर्शक बड ग्रीनस्पॅन यांची कारकीर्द नीट पाहून घे.

ग्रीनस्पॅन यांचा जन्म 1926 मध्ये न्यूयॉर्कचा. सुरुवातीला ते रेडिओवर खेळांविषयी बोलत आणि मेट्रोपॉलिटन ऑपेरात गर्दीच्या प्रसंगांत उभे राहत. तिथेच त्यांना जॉन डेव्हिस भेटला. हा कृष्णवर्णीय वेटलिफ्टर 1948 चा ऑलिंपिक विजेता होता, आणि तोही त्या गर्दीतच उभा असे! 1952 मध्ये ग्रीनस्पॅन त्याच्यासाठी हेलसिंकी ऑलिंपिकला गेले, डेव्हिसने पुन्हा सुवर्ण जिंकलं आणि ग्रीनस्पॅन यांचा पहिला चित्रपट झाला. विषय त्यांनी स्वतः हेरला होता.

त्याच हेलसिंकीत गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी कुस्तीत कांस्यपदक मिळवलं. स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. त्यांना पाठवता यावं म्हणून कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपलं घर गहाण टाकलं. हेलसिंकीनंतर खाशाबा 32 वर्षं जगले आणि 1984 मध्ये अपघातात गेले. एवढ्या वर्षांत कॅमेरा लावून त्यांच्याशी दिवसचे दिवस बोलता आलं असतं.

ग्रीनस्पॅन यांनी अशी वेळ दवडली नाही. 1936 च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये चार सुवर्णपदकं जिंकणारे जेसी ओवेन्स यांना घेऊन ते 1960 च्या दशकात पुन्हा त्याच स्टेडियममध्ये गेले. ओवेन्स 1980 मध्ये वारले, पण त्या मैदानावरचं त्यांचं चालणं-बोलणं फिल्मवर राहिलं.

विजेत्यांमागे तर सगळेच धावतात. ग्रीनस्पॅन यांची नजर शेवटच्या माणसावरही असे. 1968 च्या मेक्सिको ऑलिंपिकमध्ये टांझानियाचा जॉन स्टीफन अख्वारी मॅरेथॉनमध्ये पडला, गुडघा दुखावला. पट्टी बांधून लंगडत तो स्टेडियममध्ये शिरला, तेव्हा इथिओपियाच्या मामो वोल्डेने शर्यत जिंकून तासाहून अधिक वेळ लोटला होता. ही गोष्ट जगभर पोचवण्यात ग्रीनस्पॅन यांचा मोठा वाटा आहे. लॉस एंजेलिसच्या 1984 च्या ऑलिंपिकवरच्या ‘सिक्स्टीन डेज ऑफ ग्लोरी’ या त्यांच्या चित्रपटातही ब्रिटनचा डेव्ह मूरक्रॉफ्ट आहे. 5,000 मीटरचा विश्वविक्रम त्याच्या नावावर होता; अंतिम शर्यतीत मात्र दुखापतीमुळे तो सर्वांत मागे पडला. मोरोक्कोचा सैद औइता आपल्याला एक पूर्ण फेरी मागे टाकू नये, एवढ्यासाठी तो जीव तोडून पळतो. सुवर्णपदकाच्या शर्यतीत शेवटच्या धावपटूवर एवढा वेळ देणं, हे मोठ्या दिग्दर्शकाचं काम आहे. ती शर्यत पुन्हा पुन्हा बघ.

एका बाबतीत मात्र त्यांच्यामागे जाऊ नकोस. ऑलिंपिकमधलं चांगलं तेवढंच दाखवायचं, असं त्यांनी ठरवून घेतलं होतं. उत्तेजकं, राजकारण, गैरव्यवहार यांपासून त्यांचे चित्रपट लांबच राहिले. आपल्याकडे निवड समितीने डावललेला मल्ल किंवा पदकानंतर नोकरीसाठी हेलपाटे घालणारी खेळाडू वगळून खेळाची गोष्ट पुरी होणार नाही.

पुस्तकाला कमी लेखू नकोस. ग्रीनस्पॅन यांनीही ऑलिंपिकमधल्या शंभर क्षणांवर पुस्तक लिहिलं. चित्रपटात तासाभराच्या मुलाखतीतली दोन मिनिटं राहतात. बाकीचं सगळं पुस्तकात मावतं. म्हणून प्रत्येक मुलाखत शब्दशः उतरवून तारीख, ठिकाण घाल. म्हाताऱ्या खेळाडूला कुस्तीतला डाव लख्ख आठवतो, साल चुकतं. तेव्हा निकालपत्रकं आणि त्या काळची वर्तमानपत्रं ताडून पाहा. जुनं चित्रीकरण वापरायचं असेल तर हक्क कोणाकडे आहेत ते संकलनाला बसण्याआधी विचार. ते विकत घेण्यातच छोट्या निर्मात्याचं बजेट संपतं.

निर्माता मिळेपर्यंत थांबू नकोस. कोल्हापूर-सांगलीच्या तालमींत ऐंशी ओलांडलेले पैलवान आहेत, जुन्या खो-खो संघांतल्या बायका आता आज्या झाल्या आहेत. याच महिन्यात त्यांच्याकडे जा. मोबाइलवर चित्रण केलंस तरी चालेल. आवाजासाठी कॉलरचा माइक तेवढा चांगला घे आणि लेखी परवानगी घेतल्याशिवाय उठू नकोस.

तुझा,
मामा