ताट विकू नका, फेरी विका
(नाणेघाट आणि माहुलीच्या पायथ्याशी असलेल्या गटांसाठी धडा)



पावसाळा लागला की दर शनिवार-रविवारी टोकावडे, वैशाखरे भागात एसटी आणि जीपगाड्या भरून येतात. पाठीला बॅगा लावलेली मुलंमुली उतरतात, नाणेघाटाची वाट विचारतात आणि चढायला लागतात. आसनगाव स्टेशनला उतरून माहुलीकडे जाणाऱ्यांचंही तसंच. संध्याकाळी सगळे परत जातात. आता तुम्हीच सांगा, त्यांच्या खर्चातला किती पैसा आपल्या गावात राहिला? टपरीवरचा चहा आणि वडापाव, बस. पाण्याच्या बाटल्या, बिस्किटं, वेफर सगळं त्यांनी शहरातून आणलेलं असतं. मागे राहतात ती रिकामी पाकिटं.

बैठकांमध्ये अनेक गट विचारतात, "ताई, आम्ही या लोकांच्या जेवणाची ऑर्डर घेऊ का?" जरूर घ्या. पण नुसती जेवणाची ऑर्डर घेतली तर हातात फार काही राहत नाही. ते कसं, आणि त्याऐवजी काय करता येईल, ते आज शिकू.

फेरी म्हणजे काय?

मोठ्या शहरांत पाहुण्यांना पायी फिरवण्याचा धंदा चांगला चालतो. आपल्या शेजारच्या गुजरातमध्ये अहमदाबाद महानगरपालिकेने १९९७ साली जुन्या शहरात अशी फेरी सुरू केली. सकाळी काळूपूरच्या स्वामीनारायण मंदिरापासून निघायचं, 'पोळ' म्हणतात त्या अरुंद गल्ल्यांतून चालायचं आणि जामा मशिदीपाशी थांबायचं. सोबत वाटाड्या असतो. तो घरांची लाकडी नक्षी दाखवतो, पक्ष्यांसाठी बांधलेले चबुतरे दाखवतो. २०१७ मध्ये युनेस्कोने अहमदाबादला जागतिक वारसा शहर म्हणून मान दिला. भारतात हा मान मिळवणारं ते पहिलं शहर. त्याच शहरात माणेक चौक आहे. दिवसा तिथे सोन्या-चांदीचा बाजार, रात्री खाण्याच्या गाड्या.

मुंबईतही रमजानच्या महिन्यात मोहम्मद अली रोडवर लहान लहान गट घेऊन फिरवणारे लोक आहेत. पाहुणा तिथे एकटाही जाऊ शकतो, मालपुवा विकत घेऊ शकतो. तरी तो वाटाड्याला वेगळे पैसे देतो. का देतो?

तीन गोष्टींसाठी देतो. पहिली, कुठे काय खायचं आणि आधी काय, नंतर काय, हे त्याला ठाऊक नसतं. दुसरी, खाण्यामागची गोष्ट त्याला ऐकायची असते. तिसरी, अनोळखी जागी सोबत कुणी ओळखीचं असलं की त्याला धीर वाटतो. मालपुवा दुकानदार विकतो, वाटाड्या या तीन गोष्टी विकतो.

तुम्ही म्हणाल, ही शहरांची गोष्ट झाली. तर घाटापलीकडे अकोले तालुक्यातल्या पुरुषवाडीचं उदाहरण घ्या. पावसाच्या तोंडावर काजवे बघायला तिथे शहरातून लोक येतात. गावातल्या घरी जेवतात आणि गावातलीच माणसं त्यांना शिवारात फिरवतात. काजवे तर आपल्याकडेही आहेत.

आपल्याकडे सांगण्यासारखं काय आहे?

वैशाखऱ्याकडून चढणारी नाणेघाटाची वाट ही सुमारे २ हजार वर्षांपूर्वीची व्यापाराची वाट आहे. सातवाहन राजांच्या काळात कल्याण आणि सोपारा या बंदरांत उतरलेला माल याच घाटाने जुन्नरला आणि पुढे पैठणकडे जायचा. कातळात खोदलेल्या पायऱ्या आणि पाण्याची टाकी आजही आहेत.

वर घाटाच्या तोंडाशी कोरीव गुंफा आहे. तिच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत मोठा लेख कोरला आहे. भाषा प्राकृत आहे. हा लेख नागनिका राणीचा म्हणून ओळखला जातो. ती सातकर्णी राजाची राणी. केलेले यज्ञ आणि दान दिलेल्या गाई, घोडे, हत्ती, नाणी यांची यादी त्यात आहे. आकडेही कोरले आहेत आणि ते आपल्या देशातल्या फार जुन्या आकड्यांपैकी आहेत. राजघराण्यातल्या माणसांचे पुतळेही इथे होते. आता फक्त पायांच्या खुणा आणि वर कोरलेली नावं उरली आहेत.

तायांनो, दान किती दिलं याचा आकड्यांसकट हिशोब एका राणीच्या नावाने दगडावर आहे. आपणही दर बैठकीला बचतीचा हिशोब वहीत लिहितो. आपल्या गटातली बाई पाहुण्यांना हे सांगेल तेव्हा ते तिच्याच तोंडी शोभेल.

घाटाच्या माथ्यावर दगडी रांजण आहे. जकातीची नाणी त्यात टाकत, असं सांगतात. पाहुण्यांना सांगताना 'असं सांगतात' हे शब्द गाळू नका. लेख वाचून कळलेली गोष्ट वेगळी आणि ऐकीव गोष्ट वेगळी. दोन्ही सांगा, फक्त कोणती कुठली आहे ते स्पष्ट सांगा. पाहुण्यांत शिकलेसवरलेले लोक असतात. एक गोष्ट खोटी निघाली की बाकीच्या नऊंवरचा विश्वासही जातो.

शहापूरच्या गटांसाठी माहुली आहे. १६३६ साली शहाजीराजे याच किल्ल्यावर मोगल आणि आदिलशाहीच्या फौजांशी शेवटपर्यंत झुंजले. १६६५ च्या पुरंदरच्या तहात शिवाजी महाराजांना जे किल्ले मोगलांना द्यावे लागले त्यांत माहुली होता. १६७० मध्ये तो परत मिळाला. तीन ओळींत एवढं सांगितलं तरी पुरे.

खाण्याची गोष्ट

इथे तुम्हाला कुणी शिकवायची गरज नाही. गरज आहे ती तुम्हाला जे साधं वाटतं ते तोंडाने सांगायची.

शेवळाचं उदाहरण घ्या. पहिल्या पावसाच्या आसपास शेवळं निघतात. नुसती शिजवली तर घसा खाजतो, म्हणून आपण त्यात काकडाची फळं टाकतो. आणि काकडं नेमकी त्याच दिवसांत तयार असतात. शहरातल्या माणसाला हे ऐकून नवल वाटतं. शेवळं खुडायची पण खालचा कंद जमिनीत राहू द्यायचा, म्हणजे पुढच्या वर्षी पुन्हा मिळतात. हेही सांगा.

टाकळ्याचा कोवळा पाला, भारंगी, श्रावणातली करटोली, पाण्यात भिजवून कडूपणा काढलेले बांबूचे कोंब, चैत्रात पहाटे वेचलेली मोहाची फुलं, थंडीत भातानंतरच्या ओलीवर येणारा वाल: या प्रत्येकाचा महिना ठरलेला आहे. एक कागद घ्या, बारा महिने लिहा आणि गटातल्या सगळ्यात वयस्कर आजीला विचारून प्रत्येक महिन्यापुढे दोन-दोन पदार्थ लिहा. हाच तुमचा मेनू.

ताट साधंच ठेवा. तांदळाची किंवा नाचणीची भाकरी, एक रानभाजी, डाळ किंवा कुळथाचं पिठलं, ठेचा, भात. पनीरच्या भाजीच्या मागे लागू नका, ती त्यांना कल्याणातही मिळते. रानभाजी पूर्ण ओळखणाऱ्या बाईनेच खुडायची. पहिल्यांदा खाणाऱ्याला थोडी वाढायची. कुणाला काय चालत नाही ते सकाळीच विचारून घ्यायचं.

फेरी कशी आखायची?

१. वाट आधी स्वतः घड्याळ लावून चाला. नाणेघाट चढायला साधारण अडीच ते तीन तास लागतात. सकाळी ७ ला चहा आणि नाश्ता देऊन निघालं तर १० पर्यंत वर, १ वाजेपर्यंत खाली, दीडला जेवण.

२. थांबे ठरवा. सहा पुरे. प्रत्येक थांब्यावर पाच मिनिटं आणि एकच गोष्ट.

३. वाटाड्या दोघी हव्यात. एक पुढे, एक मागे. एकटीला पाठवू नका.

४. पावसाळ्यात मोठी चढण टाळा. ओढ्याला पाणी कधी वाढेल सांगता येत नाही. धबधब्यांवर जिल्हाधिकाऱ्यांचा मनाईहुकूमही निघतो. त्या दिवसांत फक्त शिवारफेरी ठेवा: भातलावणी, रानभाज्या, जेवण.

५. परवानगी घ्या. ग्रामसभेत विषय मांडून ठराव घ्या. जंगलातून वाट जाते तिथे वन विभागाला विचारा. माहुलीचा परिसर तानसा अभयारण्यात येतो, हे शहापूरच्या गटांनी लक्षात ठेवावं. जेवण विकायचं तर अन्न सुरक्षा विभागाकडे नोंदणी करावी लागते. त्यासाठी तुमच्या सीआरपी ताईंची मदत घ्या.

६. जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्राचा नंबर आणि १०८ हा रुग्णवाहिकेचा नंबर दोघींच्या फोनमध्ये असू द्या. मोबाईलला रेंज कुठे मिळते, तेही वाटेवर बघून ठेवा.

आता हिशोब

आकडे उदाहरणासाठी घेतले आहेत. तुमच्या गावचे भाव टाकून पुन्हा मांडा.

आधी नुसत्या जेवणाचा हिशोब बघू. समजा, शहरातला एक आयोजक म्हणाला, "१० माणसं आणतो, ताटाला १५० रुपये देतो, सकाळचा चहा-नाश्ता त्यातच." तुम्हाला मिळाले १५०० रुपये. किराणा माणशी १२० प्रमाणे १२००. सरपण आणि पत्रावळी २००. उरले १००. पहाटेपासून राबलेल्या तिघींत ते वाटायचे, म्हणजे प्रत्येकीला ३३ रुपये. आणि तो आयोजक पाहुण्यांकडून किती घेतो ते तुम्हाला कळणारही नाही.

आता फेरीचा हिशोब. १० पाहुणे, माणशी ६०० रुपये. जमा ६०००.

किराणा: १२००
सरपण, पत्रावळी: २००
दोन वाटाड्या, प्रत्येकी ७००: १४००
स्वयंपाकाच्या तिघी, प्रत्येकी ५००: १५००
जिच्या अंगणात जेवण झालं तिला: २००
अडीअडचणीचा निधी: ५००
एकूण खर्च: ५०००
गटाच्या खात्यात शिल्लक: १०००

पाचच पाहुणे आले तर? जमा ३०००. किराणा ६००, सरपण-पत्रावळी १००, वाटाड्या १४००, स्वयंपाकाला दोघी १०००, अंगणाचे २००. खर्च ३३००. अडचणीचा निधी न काढताही ३०० रुपयांचा तोटा. सहा आले तर ३६०० जमा, ३४४० खर्च, १६० रुपये हातात. म्हणून या भावाने सहापेक्षा कमी पाहुणे घ्यायचे नाहीत. आणि बारापेक्षा जास्तही नकोत. मागच्यांना काही ऐकू येत नाही आणि दोघींना सगळ्यांवर लक्ष ठेवता येत नाही.

निम्मे पैसे आगाऊ आणि गटाच्या बँक खात्यातच घ्या. कुणा एकीच्या नवऱ्याच्या किंवा मुलाच्या फोनवर नको. मजुरी त्याच दिवशी वाटा आणि वहीत सह्या घ्या. पाळी सगळ्यांना आली पाहिजे. जिला बोलता येतं तीच दर वेळी वाटाड्या झाली, तर चुलीपुढच्या बायका चुलीपुढेच राहतील.

नियम आपले

पाहुणे आले की आपण संकोचतो आणि त्यांचं सगळं ऐकतो. असं करू नका. निघतानाच नियम सांगा. दारू नाही. प्लास्टिक खाली टाकायचं नाही, आपापला कचरा परत न्यायचा. कोरीव कातळावर नाव लिहायचं नाही, हात घासायचे नाहीत. बायकांचे, मुलांचे फोटो विचारल्याशिवाय काढायचे नाहीत.

शेवटचा नियम जरा महत्त्वाचा आहे. आपल्या तालुक्यांत ठाकर, कातकरी, महादेव कोळी, वारली लोकांचे पाडे आहेत. फेरी एखाद्या पाड्यातून न्यायची असेल तर आधी त्या पाड्याला विचारा आणि कामात, पैशात त्यांना वाटा द्या. कुणाच्या घरात डोकावून गरिबी दाखवणं ही फेरी नव्हे. कातकरी बाई रानातला कंद ओळखून दाखवते तेव्हा ती वाटाड्याच असते. तिला वाटाड्याचीच मजुरी द्यायची.

रानभाजीचाही नियम हवा. पाहुणे वाढले म्हणून रान ओरबाडायचं नाही. आधी घरच्यांना पुरेल एवढी, मग पाहुण्यांना.

पुढच्या बैठकीत चर्चा करा

१. आपल्या गावात शेवटच्या रविवारी किती पाहुणे येऊन गेले? त्यांनी गावात अंदाजे किती खर्च केला?

२. आपल्या वाटेवरचे सहा थांबे कोणते? प्रत्येकाची गोष्ट गावात कुणाला माहीत आहे?

३. बारा महिन्यांचा खाण्याचा तक्ता पूर्ण झाला का? कोणते महिने रिकामे राहिले?

४. पहिली फेरी आपल्याच प्रभागातल्या दुसऱ्या गटाच्या बायकांना घेऊन करता येईल का? पैसे न घेता सराव होईल आणि कुठे अडलं ते त्या मोकळेपणाने सांगतील.

उत्तरं बैठकीच्या वहीत लिहा आणि पुढच्या महिन्यात ग्रामसंघाच्या बैठकीला ती वही घेऊन या. थांब्यांची आणि ताटाची यादी जमली असेल त्या गटासोबत बसून आपण त्यांच्या गावच्या भावाने हिशोब मांडू.