तारकागुच्छ बघायचे, तर पैसे कुठे घालायचे?

कृत्तिका बघायला पैसे पडत नाहीत. डिसेंबर-जानेवारीत रात्री नऊ-दहाच्या सुमारास इस्लामपुरातल्या कुठल्याही गच्चीवर जा आणि मान वर करा, तो पुंजका डोक्यावरच असतो. खर्चाचा प्रश्न येतो त्यापुढच्या हौसेला. घरात दुर्बिणीचा विषय निघतो आणि कोणीतरी मोबाइलवर जाहिरात काढून दाखवतो : ‘५२५ पट मोठे दाखवणारी दुर्बीण, फक्त सहा हजारांत.’ तिथेच हात आखडता घ्या.

माझे मत आधीच सांगतो. तारकागुच्छांसाठी पहिला खर्च पेट्रोलचा, मग बायनॉक्युलरचा. मोठी दुर्बीण एक अख्खा हिवाळा आभाळाखाली काढल्याशिवाय घ्यायचीच नाही. पुढे दिलेल्या किमती ढोबळ आहेत. सेल आणि डॉलरचा भाव यांनुसार त्या खाली-वर होतात.

काळोख कुठे आहे?

इस्लामपूरच्या गच्चीवरून रात्री क्षितिजाकडे नजर फिरवा. बरोबर दक्षिणेला कोल्हापूर, आग्नेयेला सांगली-मिरज, उत्तरेला कराड. प्रत्येक शहराचा उजेड आभाळाच्या कडेला चढलेला असतो. पेठ नाक्याकडे महामार्गाचे दिवे, आणि गळीत हंगाम सुरू झाला की कारखान्यांच्या दिव्यांची आणि धुराची त्यात भर. काळोख शिल्लक आहे तो पश्चिमेला, शिराळ्याच्या पुढे वारणा खोऱ्यात आणि सह्याद्रीच्या अंगाला.

म्हणून साधा हिशेब ठेवा. डोक्यावर येणाऱ्या गोष्टी गावातूनही बऱ्या दिसतात : कृत्तिका, रोहिणीभोवतीचा गुच्छ, पुष्य नक्षत्रातला गुच्छ. दक्षिणेला खाली राहणाऱ्यांसाठी मात्र पश्चिमेला सरकावेच लागते. आभाळाची परीक्षाही फुकट होते. कृत्तिकेत नुसत्या डोळ्यांनी सहा तारे मोजता आले तर जागा चांगली. भर चौकात तीन-चारवर गाडी अडते.

शिराळ्याच्या पुढे जाऊन-येऊन साठ-सत्तर किलोमीटर धरा. मोटारसायकलला दीड लिटर पेट्रोल, म्हणजे दीडशे-पावणेदोनशे रुपये, दोघांत. चारचाकीने चौघे गेलात तर माणशी सव्वाशेच्या आसपास. ओळखीच्या वस्तीवर जेवणाचे सांगितले तर ताटामागे दीड-दोनशे आणखी. एका रात्रीला माणशी सव्वातीनशेच्या वर खर्च जायचे कारण नाही.

चांदोली राष्ट्रीय उद्यान सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात येते. काळोखाच्या मोहाने रात्री त्या हद्दीत शिरू नका. खालच्या गावातले अंगण, देवळाचे आवार किंवा उघडा माळ पुरतो. उसाच्या फडाला लागून बसू नका; वाळवा-शिराळ्याकडच्या माणसाला बिबट्याबद्दल वेगळे सांगायला नको. पायात बूट हवेत, सोबत माणूस हवा, आणि पोलीस पाटलांना दिवसाच कळवून ठेवलेले बरे. रात्री अकराला अनोळखी माणसे आभाळाकडे नळकांडे रोखून उभी दिसली की गाव विचारपूस करणारच.

रात्र निवडायला भिंतीवरचे कॅलेंडर पुरेसे आहे. अमावास्येच्या आगेमागे चार-पाच दिवस हुकमी. घरातल्या मोठ्यांना अमावास्येला बाहेर पडणे रुचत नसेल तर वाद घालू नका, वद्य त्रयोदशीला जा. चंद्र पहाटेच उगवतो, काम तेवढेच होते.

सहा हजारांत काय घ्यावे, काय घेऊ नये

त्या ५२५ पटीच्या दुर्बिणीचा हिशेब मांडून बघू. अशा स्वस्त दुर्बिणींत साधारण ७६ मिलिमीटरचा आरसा असतो आणि ७०० मिलिमीटर नाभीय अंतर. सोबतच्या २० मिलिमीटरच्या नेत्रिकेने ती ३५ पट मोठे दाखवते. ४ मिलिमीटरची नेत्रिका आणि तीनपट वाढवणारी बार्लो भिंगाची नळी लावली की कागदावर ५२५ पट होतात. पण दुर्बिणीची कुवत तिच्या आरशाच्या व्यासाने ठरते. मिलिमीटरमागे दोनपट ही वरची हद्द, म्हणजे ७६ मिलिमीटरला दीडशेच्या आसपास. त्यापुढे फक्त मोठा आणि अंधूक डाग दिसतो. शिवाय तिवई इतकी लटपटी की नुसता श्वास लागला तरी तारा नाचतो.

आता तारकागुच्छापुरते बोलू. कृत्तिकेचा पसारा आभाळात जवळजवळ दोन अंश आहे, म्हणजे चार पौर्णिमेचे चंद्र शेजारी ठेवावेत इतका. या दुर्बिणीत सगळ्यात कमी, ३५ पटीलाही, जेमतेम सव्वा अंश आभाळ मावते. म्हणजे गुच्छ कापूनच दिसतो. रोहिणीचा गुच्छ तर साडेपाच अंशांचा. १०×५० च्या साध्या बायनॉक्युलरमध्ये सहा-साडेसहा अंश आभाळ येते. त्यात कृत्तिका अख्खी मावते आणि सहाच्या जागी कितीतरी डझन तारे उभे राहतात. याच कारणाने चाळीस हजारांची मोठी दुर्बीणही कृत्तिकेला बायनॉक्युलरइतका न्याय देत नाही. दुकानदार हे सांगणार नाही.

म्हणून सहा हजारांत बायनॉक्युलर. नावाजलेल्या कंपन्यांचे सुरुवातीचे ७×५० किंवा १०×५० चार ते सहा हजारांत येतात, जरा सरस काचेचे नऊ ते बारा हजारांत. पहिला आकडा किती पट, दुसरा भिंगाचा व्यास. दुसऱ्याला पहिल्याने भागले की डोळ्यात शिरणाऱ्या प्रकाशझोताची जाडी मिळते. ७×५० मध्ये सात मिलिमीटर, १०×५० मध्ये पाच. पन्नाशी ओलांडलेल्यांची बाहुली अंधारातही सहसा पाच-साडेपाचच्या पुढे उघडत नाही, त्यामुळे त्यांना ७×५० चा उरलेला प्रकाश वायाच जातो. त्यांनी १०×५० घ्यावे. हात थरथरत असतील तर ८×४२.

दुकानात घेत असाल तर पाच मिनिटे काढा. बायनॉक्युलर हातभर लांब धरून उजेडाकडे करा आणि नेत्रिकेत दिसणारा प्रकाशाचा ठिपका बघा. तो गोल हवा. कडा चौकोनी कापल्यासारख्या असतील तर आतले लोलक हलक्या काचेचे. भिंगावर हिरवट-जांभळी झाक ठीक, पण भडक लाल चमक असेल तर ठेवून द्या. समोरच्या इमारतीची कड दोन्ही डोळ्यांनी बघा. एकाच्या दोन कडा दिसल्या किंवा कपाळ ठणकले तर नळ्या एका रेषेत नाहीत, आणि ते घरी दुरुस्त होत नाही. झूमचे बायनॉक्युलर नको. जत्रेत किंवा ऑनलाइन हजार-बाराशेला मिळणारे ‘२०×५०’ तर मुळीच नको. चष्मा असेल तर चष्मा लावूनच पूर्ण वर्तुळ दिसते का ते पाहा.

स्टँड लगेच घेऊ नका. कॅमेऱ्याची बरी तिवई दोन-साडेतीन हजार आणि जोडणी पाचशे ते हजार रुपये खाते, आणि डोक्यावरचे बघताना तिवईखाली मान मोडते. गच्चीवर किंवा अंगणात बाज टाका, उताणे पडा, कोपरे अंगाला टेकवा. यापेक्षा स्थिर स्टँड त्या पैशात मिळत नाही.

लाल उजेडाचा टॉर्च म्हणून विकत मिळतो तो घरच्या टॉर्चला लाल जिलेटिन कागद गुंडाळून होतो. डोळे अंधाराला सरावायला वीस-तीस मिनिटे लागतात. मध्येच कोणी मोबाइल उघडला की पुन्हा पहिल्यापासून. नकाशासाठी संगणकावर स्टेलेरियम फुकट आहे. मराठी विश्वकोशाचे संपादन आपल्या शेजारच्या वाईतून झाले. त्यातल्या तारे, दीर्घिका यांवरच्या नोंदी संकेतस्थळावर फुकट वाचता येतात. विकतचे एकच पुस्तक सुचवतो : जयंत नारळीकरांचे ‘आकाशाशी जडले नाते’.

कोणत्या महिन्यात काय

जून ते सप्टेंबर पावसाचे. ऑक्टोबरात आभाळ धुतल्यासारखे असते. तेव्हा संध्याकाळी नैऋत्येला मूळ नक्षत्राच्या नांगीजवळचा मेसिए ७ हा गुच्छ मावळण्याआधी गाठावा. नोव्हेंबरात देवयानी दीर्घिका : बायनॉक्युलरमध्ये लांबट पुसट डागच, पण त्या डागाचा प्रकाश २५ लाख वर्षांपूर्वी निघालेला. जानेवारीत मृगातला तेजोमेघ. मार्चमध्ये रात्री साडेनऊ-दहाला पुष्यातला गुच्छ डोक्यावर.

कृत्तिका, रोहिणी, पुष्य हे सगळे खुले गुच्छ. एकाच मेघातून जन्मलेले शेकडो तारे, अजून फार न पांगलेले. कृत्तिका सुमारे ४४० प्रकाशवर्षे दूर आणि वयाने दहा कोटी वर्षांच्या आसपास, म्हणजे पोरवय. रोहिणीचा गुच्छ १५० प्रकाशवर्षांवर आणि साठ कोटींच्या पुढचा. खुद्द रोहिणी तारा मात्र त्या गुच्छातला नाही. तो अलीकडे, ६५ प्रकाशवर्षांवर, वाटेत उभा आहे.

उसाच्या पट्ट्यात दोन अडचणी हमखास येतात. तोडणीनंतर पाचट पेटवले की दोन-तीन रात्री आभाळ मळकट. आधी फोन करून मगच निघा. दुसरे दव. पाण्याखालच्या रानाजवळ हिवाळ्यात दहा-अकरालाच भिंगावर बाष्प धरते. ते रुमालाने पुसू नका, ओरखडे पडतात. बायनॉक्युलर थोडा वेळ स्वेटरच्या आत घ्या, आणि भिंगापुढे काळ्या कार्डपेपरची नळी लावा. वीस रुपयांचे काम.

मोठी दुर्बीण कधी?

गोलाकार गुच्छांचे वेड लागले की. त्यांत लाखो तारे, वय हजार कोटी वर्षांच्या पुढे, अंतरे हजारो प्रकाशवर्षांची. बायनॉक्युलरमध्ये ते कापसाच्या बोळ्यासारखे दिसतात. सुटे तारे बघायचे तर सहा इंची आरसा हवा, आठ इंची असेल तर उत्तम. साध्या लाकडी बैठकीवरची सहा इंची डॉब्सोनियन तीस ते पंचेचाळीस हजार, आठ इंची पंचेचाळीस ते सत्तर हजार. मोटार आणि फिरत्या अक्षांच्या बैठकीवर पैसे घालवलेत तर नाकापेक्षा मोती जड. आणि आठ इंची दुर्बीण वीस किलोच्या वर भरते; तिसऱ्या मजल्यावर राहत असाल तर ती कपाटातच राहील.

आपल्या अक्षांशाला या बाबतीत एक भाग्य लाभले आहे. आपल्या आकाशगंगेतला सर्वांत मोठा गोलाकार गुच्छ, ओमेगा सेंटॉरी, लंडनहून कधीच उगवत नाही. इथून तो दक्षिणेला पंचवीस अंश वर येतो. मेच्या मध्यावर रात्री साडेदहाच्या सुमारास तो सर्वांत उंच असतो. पण तेव्हा तो इस्लामपूरवरून बरोबर कोल्हापूरच्या उजेडावर येतो. चांदोलीच्या बाजूने पाहिला तर त्याच्याखाली शाहूवाडीकडचे डोंगर असतात. बायनॉक्युलरमध्येही फरक कळतो. सत्तर हजारांची दुर्बीण गच्चीवर लावण्याआधी दीडशे रुपयांचे पेट्रोल जाळून हा प्रयोग करावा.

मोबाइलवर आपोआप फोटो जमवणाऱ्या नव्या ‘स्मार्ट’ दुर्बिणी पन्नास ते पंचाहत्तर हजारांत येतात. फोटो झकास, शहराच्या उजेडातही. पण बघता तुम्ही पडद्याकडेच. फोटोंचीच आवड असेल तरच घ्या.

खरेदीआधी दुसऱ्याच्या दुर्बिणीतून बघणे सर्वांत स्वस्त. पुण्यात १९४४ पासूनची ज्योतिर्विद्या परिसंस्था आहे, मुंबईत खगोल मंडळ; दोन्हींचे आकाशदर्शनाचे कार्यक्रम होतात. २८ फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाला पुण्याची आयुका ही खगोलसंस्था लोकांसाठी खुली असते. खासगी शिबिरे माणशी दीड ते तीन हजार घेतात. पैसे भरण्यापूर्वी तीनच गोष्टी विचारा : त्या रात्री चंद्र किती वाजता उगवतो, दुर्बीण किती इंची, आणि एका दुर्बिणीमागे माणसे किती. पौर्णिमेच्या आसपास ‘तारकागुच्छ दर्शन’ ठेवणाऱ्याला पैसे देऊ नका. अशा मंडळांत जुनी दुर्बीण विकणारेही भेटतात. आरशावर टॉर्च मारून बुरशीचे जाळे बघा, मग भाव करा.

पक्के बिल घ्या, ऑनलाइन पार्सल उघडताना व्हिडिओ काढा. जाहिरातीतला आकडा आणि हातातली वस्तू जुळली नाही, विक्रेता दाद देईना, तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५. त्यानेही भागले नाही तर २०१९ च्या कायद्याप्रमाणे तक्रार तुम्ही राहता त्याच जिल्ह्यात, म्हणजे सांगलीच्या ग्राहक आयोगात करता येते. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्क नाही.

आणि मेअखेरीस सगळे साहित्य घट्ट झाकणाच्या डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसह. पुड्या शंभर-दोनशे रुपयांच्या. पावसाळ्यात भिंगावर एकदा बुरशी धरली की सफाईला स्वस्तातल्या बायनॉक्युलरच्या किमतीइतके पैसे जातात.