पोफळीची वीज आणि 'सरासरी'चा धडा



परिसर अभ्यासाच्या तासाला 'विकास म्हणजे काय?' असं विचारलं की मुलं पटापट सांगतात, "रस्ते, वीज, मोठ्या इमारती!" हे चूक नाही, पण अपुरं आहे. का अपुरं, ते आमच्या पोफळीच्या उदाहरणातून बघू.

कोयना नदी सह्याद्रीच्या पूर्वेला, सातारा जिल्ह्यात वाहते. धरणात अडवलेलं तिचं पाणी बोगद्यातून कोकणाकडे वळवलंय. साडेचारशे मीटरहून जास्त उंचीवरून येऊन ते पोफळीच्या भूमिगत वीजगृहातली यंत्रं फिरवतं आणि पुढे वाशिष्ठी नदीतून समुद्राला मिळतं. इथं 1962 पासून वीज तयार होते. सगळे टप्पे धरून कोयना प्रकल्पाची क्षमता 1960 मेगावॅट आहे.

आता फळ्यावर तीन रकाने आखा.

1) कोणी दिलं? धरणाखाली ज्यांची घरं आणि शेतं गेली, त्या गावांनी.
2) कोणाला मिळालं? राज्यभरातल्या कारखान्यांना, शहरांना, घरांना. आमच्याकडेही नोकऱ्या आल्या, तेही लिहा.
3) काय राहून गेलं? प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा राज्याचा कायदा 1976 साली आला, म्हणजे धरणानंतर कितीतरी वर्षांनी. जमिनीसाठी कोयना धरणग्रस्तांची पुढची पिढीही लढते आहे. आणि एवढा पाऊस पडूनही कोकणातल्या कितीतरी वाड्यांवर उन्हाळ्यात टँकर लागतो.

मग मुलांना एक गणित घाला. पाच घरं आहेत. चार घरांचं महिन्याचं उत्पन्न प्रत्येकी 10 हजार, पाचव्याचं 1 लाख 60 हजार. सरासरी किती? 40 हजार! पण 40 हजार मिळवणारं घर तर एकही नाही. विषमता सरासरीत अशी लपते.

धोरण ठरवतानाही हाच प्रश्न येतो. वि. म. दांडेकर समितीने 1984 च्या अहवालात राज्याच्या सरासरीपेक्षा कोणता जिल्हा रस्ते, सिंचन, आरोग्य, शिक्षण यांत किती मागे आहे ते मोजलं. या तुटीला 'अनुशेष' म्हणतात. जो मागे, त्याला निधी आधी, हा त्यामागचा विचार. पण जिल्ह्याचीही सरासरीच असते ना? बाजारपेठेचं गाव आणि डोंगरावरची वाडी एकाच आकड्यात बसतात. म्हणून मोजमाप वाडीपर्यंत गेलं पाहिजे.

एक काळजी मात्र घ्या. वर्गात कोणाच्याही घरचं उत्पन्न विचारू नका. उदाहरणातली घरं काल्पनिकच ठेवा. गरिबी समजावताना एखादं मूल खाली मान घालून बसलं, तर धडा फुकट गेला.

पालकहो, घरी एवढंच विचारा: "आपल्या गावात नवीन काय झालं? ते कोणापर्यंत पोचलं नाही?" उत्तर मुलांनाच शोधू द्या.