पीएलसीचा पत्ता आणि डिप्लोमाची ब्रँच

दहावीचा निकाल लागला की लोणी भापकरसारख्या गावांतले पालक हमखास विचारतात, ‘कॉम्प्युटरला टाकू ना?’ डिप्लोमाला इन्स्ट्रुमेंटेशन ब्रँच म्हटलं की चेहरा पडतो. वास्तविक जवळच सोमेश्वर साखर कारखाना आहे, आणि बारामती एमआयडीसीत पियाजिओच्या रिक्षांपासून फेरेरोच्या चॉकलेटपर्यंत उत्पादन चालतं. अशा उद्योगांत यंत्रांना हुकूम सोडतो तो पीएलसी, म्हणजे प्रोग्रॅमेबल लॉजिक कंट्रोलर, आणि तो हल्ली नेटवर्कवर असतो.

नव्या पोराच्या वाट्याला साइटवर पहिलं काम बहुधा या पीएलसींना नेटवर्कवरचे पत्ते देण्याचं येतं. अ‍ॅलन-ब्रॅडली ब्रँडच्या बऱ्याच कंट्रोलरना पेटीतून काढल्यावर आयपी पत्ताच नसतो. वीज दिली की ते बूटपी किंवा डीएचसीपी या आपोआप पत्ता मिळवण्याच्या पद्धतींनी पत्ता मागत राहतात. लॅपटॉपवरच्या बूटपी-डीएचसीपी टूलच्या यादीत त्यांचा १२ अक्षरी मॅक पत्ता उमटतो. तो स्टिकरशी ताडून बघायचा, मग १९२.१६८.१.१० असा पत्ता आणि २५५.२५५.२५५.० हा सबनेट मास्क भरायचा. खरी मेख पुढे आहे. डीएचसीपी बंद करून पत्ता कायम केला नाही, तर दिवसभर सगळं सुरळीत चालतं. रात्री लाइट जाऊन आली की कंट्रोलर पुन्हा पत्ता मागत बसतो आणि लाइन ठप्प. एकच पत्ता दोघांना दिला तरी गोंधळच, म्हणून पत्त्यांची वही ठेवणारा पोरगा सुपरवायझरच्या लगेच नजरेत भरतो.

दहावीनंतर इन्स्ट्रुमेंटेशनचा तीन वर्षांचा डिप्लोमा किंवा आयटीआयचा दोन वर्षांचा इन्स्ट्रुमेंट मेकॅनिक ट्रेड, दोन्ही वाटा या कामाकडे येतात. डिप्लोमानंतर इंजिनिअरिंगच्या थेट दुसऱ्या वर्षाला जाता येतं. सुरुवातीचा पगार बेताचा, फिरती आणि रात्रपाळी ठरलेली. हे घरी आधीच बोलून घ्या. ‘शंभर टक्के प्लेसमेंट’वाल्या महागड्या क्लासला पैसे भरण्याआधी कॉलेजची लॅब बघा: इथरनेटचा पीएलसी आहे का, आणि पोरांना त्याला हात लावू देतात की तो कपाटात कुलूपबंद असतो? पिंग आणि सबनेटचा सराव तर घरी दोन जुने लॅपटॉप आणि एका केबलवरही होतो.

ट्रेनिंगसाठी साखर कारखान्यात अर्ज करायचा तर तो उन्हाळ्याआधी करा. गाळप संपल्यावर दुरुस्तीसाठी पॅनेलं उघडलेली असतात. हंगाम सुरू झाला की शिकाऊ पोराला तिथं कोण फिरकू देतं?