साह्य कोणी कोणास करावे?

या आठवड्याच्या पाठासाठी वाचकांनी पहिले राजे या पुस्तकाचा सतरावा अध्याय आणि मार्ककृत शुभवर्तमानाच्या चौदाव्या अध्यायाच्या आरंभीची नऊ वचने घरी वाचून ठेवावी. पाठाचा विषय परोपकार हा आहे. विषय जुना आहे, आणि त्यावरील उपदेश ऐकून पुष्कळांचे कान किटले असतील, हे आम्ही जाणून आहो. दुसऱ्याच्या उपयोगी पडल्याने जीविताचे सार्थक होते, ही गोष्ट कोणी नाकारीत नाही. परंतु तिच्यातून निघणारा एक प्रश्न आम्ही स्वतःस पुष्कळ वर्षे विचारला नव्हता. सार्थकतेचा हा मार्ग खरा असेल, तर तो कोणासाठी मोकळा आहे? ज्याची कणगी भरलेली आहे त्याच्यासाठीच काय? आणि ज्याचे नाव मंडळीच्या साह्याच्या यादीत आहे, त्याने जन्मभर दुसऱ्याच्या सार्थकतेचे निमित्त होऊन राहावे काय?

हा प्रश्न आम्हास एका वृद्ध विधवेने विचारावयास लाविला. ती आमच्या देखरेखीखालील एका लहान मंडळीची सभासद आहे. तरुणपणी तिला कुष्ठरोग झाला. औषधाने तो पुरता बरा झाला, परंतु उजव्या हाताची बोटे आखडली ती तशीच राहिली. शेत नाही; मुलगा दूर गावी. पंचांनी तिचे नाव यादीत घातले आणि दर महिन्यास चार पायल्या ज्वारी तिच्या दारी पोहोचू लागली. गेल्या कापणीच्या सणास लोक आपापली प्रथमफळे घेऊन पुढे येत असता तीही आली. तिच्या ओच्यात तुरीच्या शेंगा होत्या, परसातील दोन झाडांच्या. आम्ही मेजापाशी उभे होतो. आम्ही मोठ्या ममतेने म्हटले, "मावशी, तुम्ही कशाला? तुम्हाला तर आम्हीच देतो. या शेंगा घरी न्या आणि उकडून खा." मंडळीस हे बोलणे फार गोड वाटले, दोघातिघांनी मानाही डोलाविल्या. मावशी शेंगा घेऊन जागेवर जाऊन बसली. त्यानंतर चार रविवार ती उपासनेस आली नाही, आणि महिनाअखेर ज्वारीचे गाठोडे जसेच्या तसे परत आले. आम्ही प्रथम तिला गर्विष्ठ ठरविले. हे लिहिताना लाज वाटते, पण ठरविले खरे.

पौलाने मिलेत येथे एफिसच्या वडिलांचा निरोप घेताना प्रभूच्या ज्या वचनाची आठवण दिली, ते आपण दान गोळा करण्यापूर्वी नेहमी वाचतो. घेणाऱ्याहून देणारा अधिक धन्य, हे त्याचे तात्पर्य. आता याच वचनाची दुसरी बाजू पाहा. देण्यात अधिक धन्यता असेल, तर जो एखाद्यास सदा घेणाराच करून ठेवितो, तो त्याला धान्य देऊन ती मोठी धन्यता त्याच्यापासून काढून घेतो. आम्ही महिन्यास चार पायल्या दिल्या आणि ओच्यातल्या शेंगा नाकारल्या. मंडळीच्या वहीत आम्ही दाते दिसतो. खरा हिशेब निराळा आहे.

एलीया संदेष्टा सीदोन प्रांतातील सारफथ गावी गेला, तेव्हा वेशीपाशी त्यास कोण भेटले? एक विधवा, काटक्या वेचणारी. घरात मूठभर पीठ व कुपीत थोडे तेल; तेवढ्याची भाकर करून आपण व मुलाने खावी आणि मग मरावे, इतकेच तिच्या मनात उरले होते. अशा स्त्रीपाशी एलीयाने प्रथम पाणी मागितले, मग भाकर मागितली, आणि तीही स्वतःसाठी आधी. आमच्या पंचांपैकी कोणी तेथे असता तर संदेष्ट्याची चांगली कानउघाडणी झाली असती! आम्हीही हा भाग उपदेशात घेताना ती मागणी हळूच ओलांडून सरळ न सरणाऱ्या पिठाच्या मडक्यावर येत होतो. परंतु चमत्कार मागून आला; मागणी आधी आली. मरावयास बसलेल्या बाईस त्या दिवशी कोणीतरी सांगितले की तुझ्या हातचे मला पाहिजे आहे. मडक्यातील पीठ वाढण्यापूर्वीच तिच्या दिवसाला एक काम मिळाले होते.

मार्काच्या चौदाव्या अध्यायात सुगंधी तेल ओतणाऱ्या स्त्रीकडेच आपले लक्ष जाते, आणि ते योग्यही आहे. पण ती घटना कोणाच्या घरी घडली? बेथानीत, शिमोन कुष्ठरोगी याच्या घरी. येथे एक खुलासा केला पाहिजे. शास्त्रात कुष्ठ म्हणून ज्याचा उल्लेख येतो तो आणि १८७३ साली नॉर्वेच्या डॉक्टर हॅन्सन यांनी ज्याचे जंतू शोधून काढिले तो, हे दोन्ही एकच रोग आहेत असे म्हणता येत नाही. लेवीय पुस्तकात तर वस्त्रांस व घरांच्या भिंतींसही तो चट्टा पडतो. शिमोन तेव्हा बरा झालेला असावा असे पुष्कळ टीकाकार मानितात. ते काही असो, गावाने त्यास त्या रोगाच्याच नावाने ओळखावे हे चुकले नाही. आणि आपल्या प्रभूने त्या घरी काय केले? उपदेश केल्याचे किंवा औषध दिल्याचे वर्णन नाही. तो जेवावयास बसला. ज्याला सर्वांनी काही ना काही द्यावे आणि ज्याच्या हातचे कोणी काही घेऊ नये, त्याचा तो पाहुणा झाला.

कुष्ठरोग्याच्या हातचे घेण्याची ही गोष्ट निघाली आहे, तर आपल्याच महाराष्ट्रातील एक चरित्र या पाठासाठी उपयोगी आहे. मुरलीधर देविदास आमटे, ज्यांस सर्व लोक बाबा म्हणत, ते आपल्या मंडळीचे सभासद नव्हते. त्यांचा जन्म १९१४ साली हिंगणघाटास एका सधन घराण्यात झाला. ते वकील होते आणि चांदा जिल्ह्यातील वरोरा गावच्या नगरपालिकेत पदाधिकारीही होते. भंग्यांच्या कष्टांची प्रत्यक्ष ओळख व्हावी म्हणून त्यांनी काही महिने स्वतः मैला वाहिला. अशा निर्भय मनुष्यास एका पावसाळी संध्याकाळी रस्त्याकडेला तुळशीराम नावाचा कुष्ठरोगी पडलेला दिसला. बोटे झडलेली, जखमांत किडे. बाबा घाबरले आणि घरी पळून गेले.

त्यांनी ही गोष्ट पुढे कधी झाकली नाही, म्हणूनच ती आपणांस ठाऊक आहे. त्या पळण्याची त्यांस इतकी लाज वाटली की ते परत गेले, त्या मनुष्यास आडोसा करून दिला, त्यास स्वच्छ केले, खाऊ घातले. तुळशीराम त्यांच्या शुश्रूषेतच मरण पावला. नंतर ते १९४९ साली कलकत्त्यास जाऊन कुष्ठरोगाचे उपचार शिकून आले. तेथे संशोधनासाठी जंतू टोचून घेण्यास त्यांनी स्वतःचे शरीर पुढे केले होते. रोग मात्र त्यांना झाला नाही. १९५१ साली वरोऱ्याजवळच्या खडकाळ, विंचूसापांनी भरलेल्या जमिनीवर पत्नी साधनाताई, दोन लहान मुलगे, सहा रोगी, चौदा रुपये व एक लंगडी गाय यांसह त्यांनी आनंदवन वसविले.

आमच्या पाठास विशेष लागू पडणारी गोष्ट याच्याही पुढची आहे. आपण कुष्ठसेवा पत्करली ती कोणाला साह्य करण्यासाठी नव्हे, तर स्वतःच्या भयावर मात करण्यासाठी, असे बाबा सांगत. हे ऐकून काही भाविकांस वाईट वाटते. सेवेचा हेतू निर्मळ परोपकार असला पाहिजे असे ते म्हणतात. आम्हास त्या कबुलीत अधिक सत्य दिसते. विचार करा, तुळशीरामाने आयुष्यात कोणती सेवा केली? तो विहीर खणू शकला नाही, सूत कातू शकला नाही. पण तो तेथे पडला नसता तर आनंदवन झाले नसते. बाबांनी त्यास काही दिवसांचा आडोसा दिला. त्याने बाबांस पुढील सगळ्या आयुष्याचे काम दिले. वहीत कोणाच्या नावावर किती मांडावे, हे आम्हास समजत नाही.

आनंदवनात बाबांनी रोग्यांस बसवून खाऊ घातले नाही. भिकेने मनुष्य खचतो आणि श्रमाने उभा राहतो, हा त्यांचा आग्रह होता. त्या सहा जणांनी बाबांबरोबर खडकात विहीर खणली, जमीन साफ केली, पिके काढिली. भाजीपाला झाला तेव्हा नवी अडचण आली: वरोऱ्याचे लोक तो विकत घेईनात. पुढे परदेशांतून तरुण स्वयंसेवक आले, त्यांनी तेथे राहून रोग्यांबरोबर दवाखान्याच्या इमारतीचे काम केले, त्यांच्या पंक्तीस जेवले, आणि मग हळूहळू गावाचा संकोच सुटला. १९६४ साली आनंदवनाने महाविद्यालय काढिले. ते कोणासाठी? आसपासच्या निरोगी घरांतील मुलामुलींसाठी. ज्या हातांची भाजी गावाला नको होती, त्याच हातांनी गावाच्या मुलांसाठी शाळागृह बांधले.

त्याच काळी दक्षिणेत वेल्लोर येथे डॉक्टर पॉल ब्रँड हे आखडलेल्या बोटांवर शस्त्रक्रिया करीत होते. मिशनरी आईबापांच्या पोटी त्यांचाही जन्म १९१४ सालचाच, आणि तोही आपल्याच देशात. त्यांना एक चमत्कारिक तक्रार ऐकावी लागली. बोटे सरळ झालेले रोगी परत येऊन म्हणू लागले की या हातांना भीक कमी मिळते! डॉक्टरांच्या ध्यानात आले की हात बरा करून भागत नाही, त्या हातास काम पाहिजे. आणि त्यांनी इस्पितळाच्या आवारातच रोग्यांस सुतारकाम आदी धंदे शिकविण्याची व्यवस्था केली.

यावरून कोणी असे समजू नये की ज्वारी देणे बंद करावे. भुकेल्यास स्वावलंबनाचा पाठ सांगणे ही क्रूरता आहे, आणि कंजूष पंचांना तो पाठ फार आवडतो, हेही आम्ही पाहिले आहे. वेल्सली बेली यांनी १८७४ साली कुष्ठरोग्यांसाठी मिशन स्थापिले तेव्हा आसरा व अन्न याच पहिल्या गरजा होत्या. पुढे १८९८ च्या कायद्याने तर निराधार कुष्ठरोग्यास पकडून नेण्याची मुभा दिली. हा कायदा २०१६ साली रद्द झाला. ख्रिस्ती विवाहविच्छेदाच्या कायद्यातही कुष्ठरोग हे पतिपत्नीस विभक्त करण्याचे कारण मानिले जाई. ते कलम २०१९ साली गेले. ज्यांना जगाने इतके दूर लोटले त्यांस घासभर अन्न देणारे हात आम्ही कमी लेखीत नाही.

दुसरीही एक चूक होते. यादीतील मनुष्यास वाईट वाटू नये म्हणून आपण त्याला एखादे नावापुरते काम देतो. फुले लावा, घंटेजवळ बसा. गरीब मनुष्य हे तत्काळ ओळखतो. आनंदवनाच्या विहिरीस खरे पाणी लागले आणि ते खऱ्या शेतास हवे होते. सारफथच्या विधवेपाशी आलेला संदेष्टा खरोखरच भुकेला होता. गरज खोटी असेल तर मागणीही खोटी, आणि तो अपमान शेंगा परत करण्याहून लहान नाही. बाबा आमटे यांस पाठीच्या कण्याच्या विकाराने पुढे बसताही येईनासे झाले. उभे राहावे किंवा आडवे व्हावे, इतकेच त्यांच्या हाती उरले. २००८ साली मरेपर्यंत त्यांनी दुसऱ्यांच्या हातून पुष्कळ घेतले.

आम्ही मावशीच्या घरी गेलो तो दुपारचा प्रहर होता. आम्ही काही भाषण तयार करून नेले होते, ते दारातच विसरलो. आम्ही पिण्यास पाणी मागितले. ऊन होते, आणि तहान खरोखरच लागली होती. तिने थोडा वेळ आमच्याकडे पाहिले, मग तांब्या घासून भरून आणला. आम्ही पाणी प्यालो. ती म्हणाली, "पाळकसाहेब, यादीतले माझे नाव काढा, मग मी देवळात येते." आम्ही म्हटले, "आणि खाल काय?" ती म्हणाली, "ते नंतर बघू."

ते नंतर असे झाले. शेजारच्या वाडीतील एका मुलास अंगावर बधिर चट्टे आढळून सरकारी आरोग्य केंद्रातून फुकट गोळ्या मिळू लागल्या. हल्ली या गोळ्या सहा महिने किंवा वर्षभर नियमाने घेतल्या म्हणजे रोग बरा होतो. तीन औषधांचा हा उपचार जागतिक आरोग्य संघटनेने १९८१ सालापासून पुरस्कारिला आहे. परंतु लघवीचा रंग लाल झालेला पाहून मुलगा भ्याला आणि त्याने गोळ्या उकिरड्यावर टाकिल्या. परिचारिकेने समजाविले, आम्हीही समजाविले. आमचे कोण ऐकतो? मावशी गेली. आपला आखडलेला हात तिने त्याच्यापुढे धरिला आणि सांगितले की लाल रंग औषधाचा आहे, माझाही झाला होता. आणि मी उशिरा गेले म्हणून हा हात असा राहिला. आता ती दर महिन्यास त्याला घेऊन केंद्रावर जाते, आणि रोज सकाळी वाडीपर्यंत चालत जाऊन गोळी आपल्यादेखत गिळावयास लाविते.

यादीतून तिचे नाव काढिले आहे. पंचांनी फिरण्याच्या खर्चापोटी म्हणून ज्वारी पुन्हा सुरू केली, ती तिने काही कुरकुर न करता घेतली. त्यातील दोन पायल्या मात्र मुलाच्या आईकडे पोहोचविण्यास सांगितले. गेल्या शनिवारी ती आम्हास देवळाच्या दारात गाठून म्हणाली की त्या बाईच्या ज्वारीचे माप तिने स्वतः पाहिले, आणि आमचा मापाडी दर पायलीमागे मूठभर कमी घालतो.