भय वाटून घेऊया

भीती सर्वांनाच वाटते. नोकरी टिकेल ना? तपासणीचा अहवाल काय येईल? कर्ज फिटेल ना? भीती वाटणे हा दोष नाही. पण ती मनात दाबून आपण एकटेच वाहत राहतो, तेव्हा ती वाढत जाते. ‘मन चिंती ते वैरी न चिंती’ ही म्हण आपल्या परिचयाची आहेच.

मग भीतीला सामोरे कसे जावे? एक अलीकडचे उदाहरण पाहू.

१२ नोव्हेंबर २०२३, दिवाळीची पहाट. उत्तराखंडमधील उत्तरकाशी जिल्ह्यात सिलक्यारा येथे बांधकाम सुरू असलेल्या बोगद्याचा काही भाग कोसळला आणि ४१ कामगार आत अडकले. झारखंड, बिहार, उत्तर प्रदेश, ओडिशा अशा अनेक राज्यांतून कामासाठी आलेली ही माणसे. पुढे ढिगारा, मागे डोंगर.

त्यांनी काय केले? ते एकमेकांसोबत राहिले. बोगद्याच्या मोकळ्या भागात फेऱ्या मारल्या, योगासने केली. त्यांच्यातील अनुभवी सहकाऱ्यांनी इतरांना धीर दिला. ढिगाऱ्यातून घातलेल्या नळीतून अन्न आत गेले, तसा घरच्यांचा आवाजही गेला.

बाहेरच्यांचीही कसोटीच होती. सुटका जवळ आली असे वाटत असतानाच खोदकाम करणारे यंत्र ढिगाऱ्यात मोडून अडकले. तेव्हा मार्ग बदलला, ध्येय बदलले नाही. अरुंद जागेत हाताने खणण्यात तरबेज असलेले कामगार पुढे आले आणि त्यांनी शेवटचे काही मीटर खणून काढले. १७व्या दिवशी, २८ नोव्हेंबरला, सर्व ४१ जण सुखरूप बाहेर आले.

यातून आपण तीन गोष्टी शिकू शकतो.

१. भीती बोलून दाखवा. विश्वासाच्या एका माणसाला सांगितली तरी ती हलकी होते. ऐकणाऱ्याने उपदेशाची घाई करू नये. आधी शांतपणे ऐकावे.

२. दिनक्रम सोडू नका. वेळेवर झोप, जेवण, व्यायाम आणि थोडा वेळ ध्यान. संकटात मनाला याच गोष्टी आधार देतात.

३. अपयश आले तर ‘चूक कोणाची?’ या प्रश्नाच्या आधी ‘आता काय करूया?’ हा प्रश्न विचारा. कार्यालयात काम फसले किंवा घरात पैशांची ओढाताण झाली, तर सर्वांनी एकत्र बसावे. खरी परिस्थिती कागदावर मांडावी आणि प्रत्येकाने एक काम उचलावे.

भगवद्गीतेच्या सोळाव्या अध्यायात दैवी गुण सांगताना पहिले नाव अभयाचे येते. हे अभय केवळ स्वतःपुरते नसते. ते दुसऱ्यालाही द्यायचे असते.

या आठवड्यासाठी अभ्यास : आपल्या परिचयात सध्या कोणी घाबरलेले किंवा खचलेले आहे का? आजच त्यांना फोन करा. ‘मी आहे,’ एवढेच सांगा आणि ऐका.